सेल्फ (स्टार्टर मोटर) एकदाच ‘टक’ करतो आणि गप्प : बॅटरी, अर्थिंग की सेल्फच गेला?

शामरावनगरची_लेक · मंगळवार, सकाळी ११:४०

नमस्कार. सांगलीत राहते, शाळेत दहावीला विज्ञान शिकवते. गाडी २०१२ची डिझेल हॅचबॅक, १,१८,००० किलोमीटर झालेत. वडिलांचं डायलिसिस आठवड्यातून दोनदा मिरजेत असतं, मंगळवारी आणि शुक्रवारी, सकाळी सहाची वेळ.

आज पावणेसहाच्या आधी बाबांना पुढच्या सीटवर बसवलं, पट्टा लावला, किल्ली फिरवली. बॉनेटखालून एकच जोरकस ‘टक’. इंजिन फिरलंच नाही. डॅशबोर्डचे दिवे लागलेले, पंखा फिरतोय. पुन्हा किल्ली, पुन्हा ‘टक’. सातव्या वेळी मात्र एका फटक्यात चालू झाली. बाबा काही बोलले नाहीत, पण मांडीवरची पिशवी त्यांनी दोन्ही हातांनी घट्ट धरली होती.

हे पंधरा दिवस चाललंय. एका गॅरेजमध्ये बॅटरी सांगितली. बॅटरी आठच महिन्यांपूर्वीची आहे. दुसरीकडे बॉनेट न उघडताच सांगितलं, ‘सेल्फ गेला, नवा टाका, साडेसात हजार.’ पैसे खर्च करायची तयारी आहे. पण तेवढे घालून शुक्रवारी पुन्हा ‘टक’ झालं तर मी बाबांना काय सांगू? घरात मल्टीमीटर आहे, वापरता येतो. कुठे काय मोजायचं ते कुणी सांगेल का?

बारा_व्होल्ट · मंगळवार, दुपारी २:०५

ताई, माझं ३१ वर्षं सेल्फ आणि अल्टरनेटरचंच काम आहे, सांगलीतच. आधी चार गोष्टी सांगा. ‘टक’ एकच येतो की टकटकटक अशी लड लागते? हेडलाईट लावून किल्ली मारली तर उजेड तसाच राहतो, थोडा उतरतो की पार मंद होतो? थंड गाडीला जास्त होतं की गरम गाडीला? आणि गाडी कधी पुराच्या पाण्यात होती का?

आवाजावरून निम्मं काम होतं. टकटकटक लड लागली तर बहुतेक वेळा बॅटरी उतरलेली असते नाहीतर टर्मिनल ढिलं असतं. सेल्फवरचा स्विच (सोलेनॉइड) ओढला जातो, मोटर करंट मागते, व्होल्टेज कोसळतं, स्विच सुटतो, व्होल्टेज परत येतं, परत ओढला जातो. तीच ती लड. सेल्फ घूंऽऽ करून नुसताच फिरला आणि इंजिन जागचं हललं नाही तर बेंडिक्स (सेल्फचं दातांचं चाक इंजिनला गुंतवणारा भाग) घसरतोय. खर्रऽ असा दात घासल्याचा आवाज आला तर बेंडिक्सचे नाहीतर फ्लायव्हीलच्या रिंगचे दात गेलेत. अजिबात आवाज नाही, दिवे लख्ख, तर सेल्फपर्यंत हुकूमच पोचत नाही. फ्यूज, रिले, किल्लीचा स्विच, क्लचचा स्विच बघायचा.

एकच ‘टक’ हे त्यातलं सगळ्यांत फसवं. त्यात बॅटरी, वायर, अर्थिंग (इंजिनपासून बॅटरीच्या मायनसपर्यंतची परतीची वाट), सेल्फचा स्विच, कार्बन (मोटरच्या फिरत्या भागाला वीज देणारे ब्रश), जाम इंजिन, सगळे बसतात. म्हणून न मोजता सेल्फ खोलू देऊ नका.

यवतेश्वर_उतार · मंगळवार, दुपारी ३:३०

साताऱ्यातून लिहितोय. ताई, बारा व्होल्ट काकांचं ऐका. मी ऐकलं नव्हतं.

माझी पेट्रोल गाडी, असाच एकच ‘टक’. मी सरळ नवा सेल्फ घातला, ९,००० गेले. दहा दिवसांत परत तेच. शेवटी सापडलं काय, तर क्लचचं काम करताना गिअरबॉक्सची अर्थ पट्टी काढलेली आणि परत बसवताना तिचा बोल्ट हातानेच फिरवून सोडलेला. १२ नंबरचा पाना दोन आटे फिरवला, काम झालं. तोवर सात महिने मी गाडी उतारावरच लावत होतो. आमच्याकडे उतार कुठेही मिळतो. किल्ली ऑन, दुसरा गिअर, क्लच दाबून गाडी सोडायची, वेग आला की क्लच सोडायचा. सांगलीच्या सपाटीवर हेही जमायचं नाही.

तोवर अडलंच तर सेल्फवर हातोडीचा एक दणका घाला, चालू होते.

बारा_व्होल्ट · मंगळवार, दुपारी ४:१०

दादा, हातोडी नको. पूर्वीच्या सेल्फमध्ये फील्ड कॉइल असायची, तो मार सहन करायचा. आता बऱ्याच गाड्यांच्या लहान सेल्फमध्ये कॉइलच्या जागी चुंबकाच्या फोडी असतात आणि पुढे गिअर असतात. तो चुंबक मातीच्या भांड्यासारखा ठिसूळ. दणका बसला तर तडकतो, तुकडा आर्मेचरमध्ये, म्हणजे मोटरच्या फिरत्या भागात, अडकतो, आणि दुरुस्त होणारा सेल्फ भंगारात जातो. लाकडी दांड्याने हलकं टिचकावायला हरकत नाही. टिचकावल्यावर चालू झाली तर कार्बन अडकलेत किंवा स्विचचे काँटॅक्ट जळालेत एवढं कळतं. तो उपाय नाही, ती तपासणी आहे.

शामरावनगरची_लेक · मंगळवार, रात्री ८:१५

आवाज एकच, स्वच्छ. हेडलाईट लावून पाहिलं, ‘टक’च्या वेळी उजेड किंचित उतरतो, मंद होत नाही. गरम गाडीला नक्कीच जास्त. मिरजेहून परत निघताना हमखास होतं.

आणि हो, पुरात होती. २०१९च्या ऑगस्टमध्ये आयर्विन पुलापाशी पाणी ५७ फुटांच्या वर गेलं तेव्हा. धोक्याची पातळी ४५ फूट. आम्ही बाबांना घेऊन आधीच मावशीकडे विश्रामबागला गेलो, गाडी मात्र दारातच राहिली. चाकं बुडेपर्यंत पाणी होतं, आत सीटपर्यंत आलं नाही. नंतर ऑइल, फिल्टर सगळं बदललं. सेल्फचा विचार कुणीच केला नाही, मीही नाही.

बारा_व्होल्ट · मंगळवार, रात्री ९:००

सेल्फ इंजिनच्या खालच्या अंगाला असतो ताई. चाक बुडालं म्हणजे बऱ्याच गाड्यांत सेल्फ बुडाला. त्या वर्षी माझ्याकडे खोललेल्या कितीतरी सेल्फमधून चिखल निघाला.

आता मोजायचं कसं ते सांगतो. मीटर २० व्होल्ट डीसीवर ठेवा. गाडी न्यूट्रलमध्ये, हँडब्रेक ओढलेला, चाकांना पुढून-मागून विटा. किल्ली दुसऱ्याने मारायची. किल्ली मारताना गाडीखाली कुणीही नको आणि मीटरच्या वायरी इंजिनच्या फिरत्या पट्ट्यापासून लांब.

पहिलं, रात्रभर उभ्या गाडीची बॅटरी. १२.६ म्हणजे भरलेली, १२.२ म्हणजे निम्मी, १२.० म्हणजे उतरलीच. दुसरं, किल्ली मारल्यावर सेल्फ इंजिन फिरवत असताना बॅटरीवर किती राहतं. ९.६च्या खाली जाऊ नये. तिसरं, बॅटरीच्या प्लसच्या खुंटीपासून सेल्फच्या जाड वायरच्या नटापर्यंत, इंजिन फिरत असताना. अर्ध्या व्होल्टच्या आत पाहिजे. चौथं, बॅटरीच्या मायनसपासून थेट इंजिनच्या उघड्या लोखंडापर्यंत, तेही फिरत असताना. ०.२ ते ०.३च्या आत पाहिजे.

खुंटी म्हणजे खुंटीच, वरचं क्लँप नव्हे. खुंटी आणि क्लँपच्या मध्येच पुष्कळदा पांढरी बुरशी असते, ती मोजण्यातून सुटायला नको.

मग नुसता ‘टक’ होईल तेव्हा तीन गोष्टी. बॅटरी किती, सेल्फच्या बारीक वायरवर म्हणजे ५० नंबरच्या टर्मिनलवर किती, आणि स्विचमधून मोटरमध्ये जाते त्या जाड पट्टीवर किती. शेवटची दोन्ही मापं इंजिनच्या लोखंडाला काळी वायर लावून. मगरचिमटा लावून वायर लांब करून घ्या आणि मीटर वर ठेवून वाचा.

डेपोतला_माणूस · मंगळवार, रात्री १०:२०

एसटीच्या वर्कशॉपमधून निवृत्त, कराडला असतो. एक सूचना. कुणी मदतीला म्हणून ट्रकची बॅटरी जोडू देऊ नका. ट्रक आणि बसला बहुधा २४ व्होल्ट, दोन बॅटऱ्या एकामागे एक जोडलेल्या. मोटारीला ते २४ लागले तर कॉम्प्युटर जाईल. ट्रकवाला चांगल्या मनाने थांबतो, त्याला हे माहीत असतंच असं नाही.

आम्ही शिकत होतो तेव्हा जीप आणि अँबॅसॅडरला हँडल असायचं. वस्ताद पहिल्याच दिवशी सांगायचे, अंगठा बोटांच्या बाजूनेच ठेव, दांड्याभोवती गुंडाळू नकोस. इंजिनने उलटा झटका दिला की गुंडाळलेला अंगठा मनगटासकट जायचा. विजेचा सेल्फ अमेरिकेत १९१२च्या कॅडिलॅक गाडीत आला, चार्ल्स केटरिंग यांचं काम. मनगट मोडलेला माणूस मी स्वतः उचलून दवाखान्यात नेलेला आहे, म्हणून केटरिंग यांच्याबद्दल मला फार वाटतं.

शामरावनगरची_लेक · बुधवार, रात्री ९:४५

भावाला किल्लीवर बसवून दोन तास मोजलं. आकडे असे :

सकाळी उभ्या गाडीची बॅटरी १२.५८. चालू इंजिनवर १४.२. चांगली चालू झाली तेव्हा इंजिन फिरताना ९.७. प्लसची वायर ०.२४. मायनस ते इंजिन ०.८२, तीन वेळा मोजलं, तेवढंच.

नुसता ‘टक’ झाला तेव्हा बॅटरी १२.१, बारीक वायरवर ११.३, मोटरच्या पट्टीवर ०.१.

एक गोष्ट मोजताना मला फार शिकवून गेली. आधी मी मीटर ओहमवर ठेवून अर्थ पट्टीचा रोध मोजला होता. ०.२ ओहम दाखवत होता, आणि मीटरची टोकं एकमेकांना टेकवली तरी ०.२च. म्हणजे पट्टी ठणठणीत, असं मी वहीत लिहूनही ठेवलं. पण सेल्फ २०० अँपिअर घेतोय असं धरलं तर ०.८२ भागिले २०० म्हणजे ०.००४१ ओहम. चार मिलीओहम! माझ्या मीटरला तो आकडा दिसणंच शक्य नाही. आणि तेवढ्याशा रोधात १६० वॅटपेक्षा जास्त शक्ती वाया जातेय. ओहमचा नियम वीस वर्षं फळ्यावर लिहितेय, पण व्होल्टेज का मोजायचं आणि रोध का नाही, हे काल रात्रीपर्यंत असं हाताला लागलं नव्हतं.

बारा_व्होल्ट · बुधवार, रात्री १०:३०

ताई, सुंदर मोजलंत. यात दोन आजार आहेत, आणि दोन्ही वेगळे.

पहिला अर्थिंगचा. ०.८२ हा नापास आकडा. पट्टी काढा, दोन्ही टोकं पॉलिश पेपरने चकचकीत करा, इंजिनवरची आणि बॉडीवरची जागाही. पुरानंतर पट्टीच्या आतल्या तारा हिरव्या पडतात. वरून शाबूत दिसते, वाकवली की आतून पावडर पडते. तशी असेल तर नवीच घाला.

दुसरा सेल्फच्या स्विचचा. ‘टक’च्या वेळी बॅटरी १२.१वर म्हणजे मोठा करंट गेलाच नाही, फक्त स्विचच्या कॉइलपुरता गेला. उजेड किंचितच उतरला तो त्यामुळे. बारीक वायरवर ११.३ म्हणजे किल्ली, रिले, फ्यूज सगळे निर्दोष. हुकूम पोचतोय. स्विच ‘टक’ करून ओढला जातोय. पण मोटरच्या पट्टीवर ०.१ म्हणजे आतली तांब्याची चकती दोन काँटॅक्टना जोडत नाही. काँटॅक्ट जळालेत किंवा दांडा पूर्ण आत जात नाही.

कार्बन संपलेत का, असं कुणी विचारेल, म्हणून आधीच सांगतो. स्विचमध्ये दोन वेटोळी असतात, एक ओढायचं आणि एक धरून ठेवायचं. ओढणाऱ्या वेटोळ्याची अर्थिंगची वाट मोटरमधूनच, म्हणजे कार्बनमधूनच जाते. कार्बन पार सुटले असते तर एवढा ठणठणीत ‘टक’ आलाच नसता, आणि त्या पट्टीवर ०.१ नाही, बरंच जास्त व्होल्टेज दिसलं असतं. आणि चकती जोडत नाही तोवर ते ओढणारं वेटोळं तापत राहतं, म्हणून ‘टक’ झाला की किल्ली लगेच सोडायची, धरून ठेवायची नाही.

शामरावनगरची_लेक · बुधवार, रात्री १०:५०

मग गरम गाडीला जास्त का, तेही जुळतं काका. तांब्याचा रोध दर अंशाला सुमारे ०.४ टक्के वाढतो. इंजिनशेजारी सेल्फ ६० अंशांनी तापला तर वेटोळ्याचा रोध जवळजवळ पाव पट वाढणार, करंट सुमारे एक पंचमांशाने उतरणार, ओढ कमी. थंडीत जेमतेम टेकणारी चकती गरमीत टेकतच नाही. त्यात अर्थिंगमध्येही थोडं व्होल्टेज आधीच गेलेलं.

द्राक्षबाग_तासगाव · गुरुवार, सकाळी ७:१०

एवढं मोजत बसायची काय गरज ओ ताई? आमच्याकडं ट्रॅक्टर अडला की सेल्फच्या दोन नटांवर पाना आडवा टाकायचा. ठिणगी उडते, ट्रॅक्टर चालू. स्विच गेलाय का मोटर, जागेवर कळतं.

डेपोतला_माणूस · गुरुवार, सकाळी ७:५५

भाऊ, हात जोडून सांगतो, हे करू नका आणि कुणाला सांगू नका. जमिनीवर उभं राहून पान्याने सेल्फ फिरवला की क्लचचा आणि न्यूट्रलचा स्विच, दोन्ही वाटेतून बाजूला होतात. ट्रॅक्टर गिअरमध्ये राहिला असेल तर तो जागेवरच पुढे सुटतो, आणि चालू करणारा माणूस मागच्या मोठ्या चाकाच्या पुढ्यातच उभा असतो. आमच्या गावात ऊसतोडीच्या हंगामात असा एक तरणा मुलगा गेला. सीटवर बसून, क्लच दाबून, किल्लीनेच.

द्राक्षबाग_तासगाव · गुरुवार, सकाळी ८:२०

काका, खरं आहे तुमचं. वडील तसंच करायचे, मी पण करत आलो. घरातला पोरगा आता ट्रॅक्टरवर बसायला लागलाय, त्याला आजच सांगतो. किल्लीचा स्विच बिघडलाय म्हणून ती सवय लागली होती, तोच आधी बदलून घेतो.

पोवईनाका · गुरुवार, सकाळी ९:३०

विषय जरा वेगळा. माझी ऑटोमॅटिक गाडी, पार्कमध्ये काहीच आवाज नाही, न्यूट्रलला टाकली की चालू. सेल्फच बघायचा का?

बारा_व्होल्ट · गुरुवार, सकाळी ९:५०

नाही. गिअरच्या दांड्याचा स्विच बघा, तो पार्कची जागा ओळखत नाहीये. सेल्फला हात लावू नका.

शामरावनगरची_लेक · गुरुवार, रात्री ८:३०

अर्थ पट्टी काढली. काका, तुम्ही म्हणालात तसंच. वाकवल्यावर आतून हिरवट पावडर वर्तमानपत्रावर पडली. पट्टीच्या टोकाच्या लगखाली बॉडीवर गंजाची एक गोल खपली होती, नाण्याएवढी. ती खरवडली तेव्हा खाली चकचकीत लोखंड निघायला पाच मिनिटं लागली. नवी २५ चौरस मिलिमीटरची पट्टी घातली, वर पेट्रोलियम जेली लावली. आता मायनस ते इंजिन ०.११.

इंजिन आधीपेक्षा चपळ फिरतंय. पण संध्याकाळी बाजारातून येताना गरम गाडीला पुन्हा एकदा ‘टक’ झालाच. म्हणजे दुसरा आजार शिल्लक आहे. उद्या शुक्रवार. शेजारच्या काकांनी त्यांची गाडी देऊ केलीय. शनिवारी सेल्फ उतरवतो.

कुपवाड_एमआयडीसी · गुरुवार, रात्री ९:१५

टर्नर आहे, सेल्फचे बुश (ज्यांत आर्मेचरचा दांडा फिरतो त्या कड्या) पुष्कळ करून दिलेत. ताई, तुमच्या आकड्यांतला ९.७ मला खटकतोय. बॅटरी नवी, भरलेली, तरी एवढं खाली? अर्थिंग खराब असताना मोटरला करंट उलट कमीच मिळतो, म्हणजे बॅटरी एवढी दबायला नको. मोटर जड चालत असणार. सेल्फ उतरवला की आर्मेचर बाहेर काढून त्याच्या पोलादी अंगावर बोट फिरवा. एका बाजूला चकचकीत घासलेला पट्टा दिसला तर बुश झिजलेत आणि आर्मेचर आतल्या चुंबकाला घासतंय. तसं असेल तर नुसता स्विच बदलून भागणार नाही.

बारा_व्होल्ट · गुरुवार, रात्री ९:४०

बरोबर पकडलंत. उतरवताना, ताई, पहिल्यांदा बॅटरीची मायनस काढायची. सेल्फवरच्या जाड वायरीला फ्यूज नसतो, मायनस जोडलेली असताना पाना त्या नटावरून बॉडीला टेकला तर पाना तिथंच चिकटून लाल होतो. मी नवशिका असताना हातातली अंगठी अशी तापलेली आहे, तो डाग अजून आहे. अंगठी, घड्याळ काढून ठेवा.

शामरावनगरची_लेक · शनिवार, रात्री १०:१०

झालं. सविस्तर लिहिते, कारण मला असं सविस्तर लिहिलेलं मराठीत कुठे मिळालं नव्हतं.

गल्लीतले वायरमन दादा आले. मायनस काढली. पुढचा भाग जॅकवर उचलून खाली दोन घोड्या लावल्या, जॅकवर विसंबून कुणी खाली गेलं नाही. वरून हवेचा पाइप आणि फिल्टरचा डबा काढला, मग सेल्फचा वरचा बोल्ट दिसला. खालचा बोल्ट गाडीखालून. गोटी पाना आणि लांब दांडा लागला, गंजलेला होता, तेल सोडून अर्धा तास चहा प्यायलो तेव्हा कुठे सुटला. आधी जाड वायरीचा नट, मग बारीक वायरीचं सॉकेट. सेल्फ हातात आला तेव्हा वाटलं त्यापेक्षा पुष्कळ जड. खालून काढताना तोंडावर पडू नये म्हणून दादांनी दोन्ही हातांनी छातीवर घेतला.

सेल्फच्या नाकाडाची, म्हणजे बेंडिक्सच्या बाजूच्या तोंडाची, जाळी उघडली आणि मी बघतच राहिले. आत मऊ, राखाडी-काळा गाळ. बोटांत चोळला तर टाल्कम पावडरसारखा. आमच्या घराच्या पहिल्या पायरीवरून २०१९ला आम्ही खराट्याने काढलेला तोच गाळ. एवढी वर्षं कृष्णामाई या डब्यात बसून होती.

स्विच खोलला. तांब्याच्या चकतीच्या एका कडेला काळे खड्डे, आणि एका काँटॅक्टचा कोपराच जळून गेलेला. चकती फिरवून पाहिली तेव्हा कळलं की सातव्या वेळी का लागायचं. चकती दांड्यावर सैल फिरते. तिची चांगली बाजू समोर आली की जोड लागायची. दांडाही गाळामुळे शेवटचे दोन मिलिमीटर अडखळत होता.

कार्बन सुमारे ६ मिलिमीटर शिल्लक, चालले असते. पण कुपवाडच्या दादांनी सांगितलं तसं आर्मेचरवर बोट फिरवलं. अर्ध्या परिघावर आरशासारखा घासलेला पट्टा. मागचा बुश लांबट झालेला, आर्मेचर हाताने हलवलं की खटखट हलत होतं. कम्युटेटरवर (कार्बन जिथं घासतात त्या तांब्याच्या गोलावर) खाच पडलेली.

हिशेब मांडला. स्विच, दोन्ही बुश, कार्बन, कम्युटेटर लेथवर, मजुरी, सगळं मिळून २,८०० सांगितले. चुंबकही घासल्याने कडेला टवका गेलेला, त्याची हमी द्यायला दादा तयार नव्हते. नवा सेल्फ ६,९००, एक वर्षाची हमी. गाडी माझ्या एकटीसाठी असती तर मी दुरुस्तच केला असता. नवा घेतला. आता हे साडेसहा-सात हजार डोळे उघडे ठेवून गेलेत.

कुपवाड_एमआयडीसी · शनिवार, रात्री १०:३५

योग्य केलंत. टवका गेलेला चुंबक म्हणजे आज ना उद्या तुकडा सुटणार. बसवण्याआधी दात मोजले का?

शामरावनगरची_लेक · शनिवार, रात्री १०:५०

मोजले. जुना आणि नवा शेजारी ठेवून बेंडिक्सचे दात, बोल्टच्या भोकांमधलं अंतर, नाकाडाची लांबी, सगळं ताडून पाहिलं. नवा घालायच्या आधी जुन्या बॅटरीवर जमिनीवरच फिरवून पाहिला. दादांनी पाय देऊन दाबून धरला होता, तरी उसळी मारली. बेंडिक्स पुढे उडून आला आणि फिरला.

रिंगचे दातही बघितले. दादांनी पुलीच्या नटाला पाना लावून इंजिन हळूहळू फिरवलं आणि मी टॉर्च घेऊन सेल्फच्या भोकातून बघत होते. दोन ठिकाणी, अगदी समोरासमोर, दात जरा जास्त झिजलेत. चार सिलिंडरचं इंजिन बंद होताना दाबामुळे त्या दोन जागांवरच येऊन थांबतं, म्हणून सेल्फचा पहिला घाव तिथंच बसतो, असं दादांनी सांगितलं. झीज अजून चालण्यासारखी आहे.

बसवताना इंजिनवरची सेल्फची बैठक तारेच्या ब्रशने साफ केली, कारण सेल्फचं अर्थिंग त्या बैठकीतूनच जातं. जाड वायरीचा नट घट्ट केला, पण जोर करून नाही. खालचं प्लास्टिक तडकतं म्हणे. रबरी टोपी परत घातली. मायनस सगळ्यांत शेवटी.

यवतेश्वर_उतार · रविवार, सकाळी ८:४०

आकडे टाका ताई, वाट बघतोय.

शामरावनगरची_लेक · मंगळवार, दुपारी १२:३०

फिरताना बॅटरीवर १०.७. मायनस ते इंजिन ०.१०. प्लसची वायर ०.२०.

आज पहाटे पहिल्या फटक्यात. मिरजेहून निघताना, गरम गाडी, उन्हात चार तास उभी, तरी पहिल्या फटक्यात. अंकली फाट्याच्या अलीकडे चहाला मुद्दाम थांबले, बंद करून पुन्हा चालू केली, पुन्हा पहिल्या फटक्यात. चहा पिताना बाबांनी पिशवी मागच्या सीटवर ठेवून दिली होती.

बारा_व्होल्ट · मंगळवार, दुपारी १:१५

लै समाधान वाटलं ताई. जुना सेल्फ भंगारात देऊ नका. तांब्याचे चांगले पैसे येतात खरे, पण वायरमनला दिलात तर तो कुणाच्या तरी गाडीला सुटे भाग वापरेल.

शामरावनगरची_लेक · मंगळवार, दुपारी १:४०

काका, तो मी वायरमन दादांकडून परत मागून घेतला. दहावीच्या ‘विद्युतधारेचे परिणाम’ या धड्यात मोटरची आकृती आहे, कार्बन आणि कम्युटेटर दाखवलेले. दरवर्षी मुलं ती आकृती पाठ करतात. यंदा गाळ न पुसता तसाच टेबलावर ठेवणार आहे. शुक्रवारी बाबांना सोडून थेट शाळेत, दुसऱ्या तासाला.